अंकुर आणि फीत

वऱ्हाडांत चांदूर नांवाचीं गांवें एकाहून अधिक आहेत. म्हणून एकाच्या नांवामागें बाजार लागला, तर दुसऱ्याच्या रेल्वे. मुंबईहून निघालेला लोहमार्ग १८६७ सालीं नागपुरास पोंचला, तो या चांदूर रेल्वेवरून. तेथें यंत्र गांवाच्या नांवांतच जाऊन बसलें. पुढें ७ जुलै १८९६ रोजीं मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ल्युमिएर बंधूंचा खेळ झाला. त्यांतहि स्थानकांत शिरणारी आगगाडीच होती. मात्र ती गाडी पूर्वींच येऊन गेलेली होती! घडून गेलेला क्षण पुन्हां डोळ्यांपुढें आणणारें यंत्र हिंदुस्थानांत आलें, तें असें.

या यंत्राशीं खरी झटापट केली ती धुंडिराज गोविंद फाळके यांनीं. छायाचित्रण, ठसेकाम, छपाई, जादूचे प्रयोग असे नाना उद्योग करून चाळिशी ओलांडलेल्या या गृहस्थांनीं १९११ सालीं ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहिला आणि त्यांस दुसरें कांहीं सुचेना. अतिश्रमानें त्यांची दृष्टि कांहीं काळ गेली. उपचारांनीं ती परत येतांच १९१२ सालीं ते विलायतेस जाऊन विल्यमसन कॅमेरा घेऊन आले.

आतां प्रश्न भांडवलाचा. नुसत्या बोलण्यावर थैली कोण सोडणार? फाळक्यांनीं कुंडींत वाटाणा पेरला आणि ठराविक अंतरानें त्याचें एकेक चित्र घेत राहिले. श्रोत्यांनीं थोडा हिशेब करून पाहावा. त्या काळीं पडद्यावर सेकंदास सुमारें सोळा चित्रें सरकत; म्हणजे मिनिटभराच्या खेळास जवळजवळ हजार चित्रें हवींत, आणि तोंवर कॅमेरा तसूभर हलतां कामा नये. रोपट्याला कित्येक दिवस लागले, तें पाहणाऱ्यास क्षणांत दिसलें. ‘अंकुराची वाढ’ हा त्यांचा पहिला प्रयोग. तो पाहून कर्ज मिळालें. कथाचित्रांच्या कीर्तीपुढें हा वाटाणा मागें पडला, हें कांहीं बरें झालें नाहीं.

सरस्वतीबाईंचे दागिने गहाण पडले. कोऱ्या फितीस भोंकें पाडणें, रसायनें कालविणें, हीं कामेंहि त्यांनीं केलीं आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकहि. ३ मे १९१३ रोजीं गिरगांवच्या कॉरोनेशन सिनेमांत चार रिळांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला.

परंतु ज्या फितीवर हें सारें साठविलें, ती नायट्रेटची. ती लौकर पेटते, आणि न पेटली तरी हळूहळू कुजते. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें तें १९६४ सालीं. तोंवर मूकपटांचा मोठा भाग नाहींसा झाला होता. २००३ सालच्या पुण्यांतील आगींत जुन्या नायट्रेट फिती आणखी गेल्या. ‘हरिश्चंद्रा’चें पहिलें व शेवटचें रीळ आज उपलब्ध आहे, पण तें १९१३ चें नसून १९१७ च्या दुसऱ्या आवृत्तीचें असावें, असें कांहीं अभ्यासक मानतात. ‘अंकुराची वाढ’ तर पाहावयास मिळतच नाहीं. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या चित्राचे मात्र थोडे अंश उरले आहेत. त्यांत स्वतः फाळके नटांस सूचना देतांना आणि फीत तपासतांना दिसतात.