अर्ध्या दिवसाचे लेणीदर्शन : मावळातील दानलेखांचे वाचन

लेणी पाहणे आणि लेणी वाचणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सुट्टीच्या दिवशी मोठमोठ्या बसगाड्या भरून माणसे निघतात, एका दिवसात पाच-सहा स्थळे उरकतात, प्रत्येक ठिकाणी स्तूपापुढे छायाचित्र काढतात आणि रात्री थकून घरी परततात. अशा सहलींची थट्टा करण्याचा आमचा हेतू नाही. श्रमणाऱ्या माणसाला विरंगुळ्याचा अधिकार आहेच. परंतु ज्या समाजाला त्याचा इतिहास शतकानुशतके नाकारला गेला, त्या समाजाने आपल्या प्राचीन वास्तूंपुढे केवळ प्रेक्षक म्हणून उभे राहावे, हे आम्हांस पुरेसे वाटत नाही. म्हणून दहा-पंधरा उपासक-उपासिकांचा लहान गट, दोनच स्थळे आणि अर्धा दिवस, अशी मर्यादा घालून घेतलेल्या लेणीदर्शनाचा विचार येथे मांडत आहोत. त्यासाठी पुणे-लोणावळा मार्गावरील भाजे आणि कार्ले ही दोन लेणी आम्ही निवडली आहेत.

पाहण्याचा अधिकार

ऐतिहासिक स्थळ पाहायला जाणे ही गोष्ट आज आपल्याला अगदी साधी वाटते. ती तशी नव्हती. १९३४ साली परमपूज्य बाबासाहेब आपल्या सुमारे तीस सहकाऱ्यांसह अशाच एका सहलीस निघाले होते. वेरूळची बौद्ध लेणी पाहणे हा त्या प्रवासाचा मुख्य हेतू होता. वाटेत दौलताबादचा किल्ला लागला. प्रवासाच्या धुळीने माखलेल्या त्या मंडळींपैकी काहींनी किल्ल्याबाहेरच्या हौदावर हातपाय-तोंड धुतले. तेवढ्यावरून अस्पृश्यांनी हौद बाटविला, असा ओरडा तेथील काही मुसलमान रहिवाशांनी केला. शिवीगाळ झाली, प्रसंग हातघाईवर येण्याच्या बेतात आला. अखेर किल्ल्यात कोठेही पाण्याला शिवायचे नाही, या अटीवर त्यांना आत सोडण्यात आले, आणि ती अट पाळली जाते की नाही हे पाहण्यासाठी सोबत हत्यारी शिपाई देण्यात आला. बाबासाहेबांनी स्वतः ही हकीकत 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आत्मपर लेखनात नोंदवून ठेवली आहे. पीपल्स एज्युकेशन सोसायटीने ते १९९० साली पुस्तिकेच्या रूपाने प्रसिद्ध केले.

ज्या विद्वानाने पुढे भारताची राज्यघटना घडविण्याचे कार्य केले, त्याला आपल्या देशातील एक किल्ला शिपायाच्या पहाऱ्यात पाहावा लागला, ही गोष्ट लेणी चढणाऱ्या प्रत्येकाने मनात ठेवावी. पाहण्याचा अधिकार आपल्याला संघर्षातून मिळाला आहे. त्या अधिकाराचे चीज डोळसपणे पाहण्यात आहे.

मावळाची वाट

पुण्याहून लोकलने निघालेल्या गटाला वाटेत देहूरोड लागते. २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी येथे बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. नागपूरच्या धम्मदीक्षेपूर्वी जवळजवळ दोन वर्षे घडलेली ही घटना आहे. तेथून पुढे गेल्यावर मळवली स्थानक येते. स्थानकाच्या एका अंगास भाजे, दुसऱ्या अंगास कार्ले. दोन डोंगररांगांमधून इंद्रायणीचे खोरे पसरलेले आहे.

लेणी येथेच का कोरली गेली, या प्रश्नाचे उत्तर भूगोलात आहे. कल्याण, सोपारा, चौल या बंदरांतून येणारा माल बोरघाट चढून देशावर येत असे. घाटमाथ्यावर आलेल्या तांड्याला विसावा हवा, पाणी हवे. भिक्खुसंघाला वर्षावासासाठी निवारा हवा आणि भिक्षेसाठी माणसांची वहिवाट हवी. दोघांच्या गरजा या खोऱ्यात जुळल्या. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी हा मुलूख पायी तुडवून विहार आणि व्यापारी मार्ग यांचा हा संबंध दाखवून दिला. कार्ले येथील एका सातवाहनकालीन राजाज्ञेत 'मामाल' येथील अमात्याचा उल्लेख आहे. आपला 'मावळ' हा शब्द त्याच नावाचा वारस. म्हणजे ज्या भूमीवरून आपण चालतो, तिचे नावदेखील आपण त्या शिलालेखात वाचतो.

भाजे

प्रथम भाजे पाहावे, कारण ते कार्ल्याहून जुने आहे. येथील चैत्यगृह इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातले मानले जाते. आत गेल्यावर सदस्यांना खांबांकडे पाहण्यास सांगावे. साधे अष्टकोनी खांब आहेत आणि ते किंचित आत कललेले आहेत. दगडी खांबाला कलण्याची गरज नसते. लाकडी इमारतीत छताचा भार पेलण्यासाठी खांब असे तिरपे रोवीत. कारागीर लाकडात घर बांधण्यात निष्णात होता आणि तीच रीत त्याने पाषाणात उतरविली. छताला बसविलेल्या लाकडी कमानी त्याची साक्ष देतात.

चैत्यगृहापासून थोड्या अंतरावर लहानमोठ्या चौदा स्तूपांचा समूह आहे. काहींवर थेरांची नावे कोरलेली आहेत. येथे राहिलेल्या, येथेच देह ठेवलेल्या स्थविरांची ही स्मारके होत. येथे गटाने काही काळ शांत बसावे. वंदना घ्यायची असेल तर ती येथे घ्यावी.

भाजे सोडण्यापूर्वी एका छोट्या दानलेखाकडे लक्ष वेधणे आम्ही आवश्यक समजतो. हे दान एका 'हालिका'च्या पत्नीचे आहे. हालिक म्हणजे नांगऱ्या. नांगर धरणाऱ्याच्या घरातील स्त्री स्वतःच्या नावाने दान देते आणि ते दगडात कोरले जाते. याच लेण्यात पाण्याच्या टाक्याचे दान देणाऱ्या एका महारठीचाही लेख आहे. सत्ताधारी महारठी आणि नांगऱ्याची बायको, दोघांची अक्षरे एकाच डोंगरात. राजेरजवाड्यांनी लेणी कोरली, असे पाठ्यपुस्तकी वाक्य ज्यांच्या डोक्यात पक्के बसले आहे, त्यांनी या लेखापुढे क्षणभर थांबावे.

कार्ले

कार्ल्याचे प्राचीन नाव वलूरक. येथील महाचैत्य सुमारे १२४ फूट लांब, ४५ फूट रुंद आणि ४६ फूट उंच आहे. एकूण सदतीस खांब. दोन्ही बाजूंस पंधरा-पंधरा आणि स्तूपामागे सात. चैत्याचे मुख पश्चिमेकडे असल्याने दुपारनंतर उजेड कमानीतून आत येतो. म्हणून हा अर्धा दिवस सकाळचा न ठेवता दुपारचा ठेवावा, असे आम्ही सुचवितो.

वैजयंतीच्या भूतपाल श्रेष्ठीने व्हरांड्यात लेख कोरवून हे शैलगृह जंबुद्वीपात सर्वोत्तम असल्याचे अभिमानाने सांगितले आहे. त्या लेखात 'सेलघर' हा शब्द येतो. त्यातले 'घर' आपण आजही तसेच बोलतो. ही प्राकृत भाषा परकी नाही. आपल्या मायबोलीची ती पूर्वज आहे. 'थभो' म्हणजे खांब, 'दानं' आणि 'देयधम' म्हणजे दान, एवढे तीन-चार शब्द आधी शिकविले, तरी सदस्य स्वतः भिंतीवर ते शोधू लागतात. अक्षर ओळखल्याचा तो आनंद कोणत्याही व्याख्यानाने मिळत नाही.

आता खांबांवरची आणि भिंतींवरची नावे घ्यावीत. अनेक खांब धेनुकाकट या गावच्या यवनांनी, म्हणजे ग्रीक वंशाच्या वा तशी ओळख सांगणाऱ्या उपासकांनी दिलेले. चैत्याचे मुख धेनुकाकटच्याच सामी नावाच्या सुताराने घडविलेले. त्याचा धंदा 'वढकि' असा स्पष्ट लिहिला आहे. एक दान सुगंधी द्रव्ये विकणाऱ्या सिंहदत्ताचे. एक वेदिका भिक्खुनीने दिलेली, आणि ती घडविणाऱ्या नंदिकाचेही नाव लेखात आहे. सोपाऱ्याच्या सातिमित नावाच्या भाणकाने धातूसह, म्हणजे पवित्र अवशेषासह, एक स्तंभ दिला. व्हरांड्यातील स्त्री-पुरुषांची शिल्पे पाहून वाटाडे नाना कथा रचतात, परंतु तेथील एक लेख सांगतो की, मिथुनाचे दान भदसम नावाच्या भिक्खूचे आहे.

या सामान्य दात्यांनी स्वतःची ओळख सांगताना गाव सांगितले, धंदा सांगितला, आईबापांचे नाव सांगितले. वर्ण सांगितला नाही. सुताराला आपण सुतार आहोत, हे लिहिताना संकोच वाटला नाही. ज्या व्यवस्थेने पुढे हातांच्या कामावरून माणसाची किंमत कमी केली, तिच्यापुढे ठेवण्यासाठी याहून बोलका पुरावा कोणता?

अभिमान आणि सत्य

तथापि केवळ गौरवगान करणे हे इतिहासाचे काम नव्हे. याच चैत्यात क्षहरात नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. वलूरकच्या लेण्यांत वर्षावास करणाऱ्या चातुर्दिश संघाच्या निर्वाहासाठी त्याने करजिक गाव दिले. त्याच लेखात त्याने ब्राह्मणांना दिलेल्या गाई आणि गावे यांचीही नोंद आहे. पुढे क्षहरातांचा पाडाव करणाऱ्या सातवाहनांनी त्या गावाचे दान चालू ठेवले. एकमेकांच्या रक्ताला तहानलेली दोन राजकुले एकाच संघाला आधार देतात, हे संघाच्या प्रतिष्ठेचे द्योतक खरेच. परंतु गाव दान दिले म्हणजे काय दिले? त्या गावच्या शेतकऱ्यांच्या कष्टातून निघणारे उत्पन्न दिले. भाजे येथे नांगऱ्याच्या पत्नीने स्वेच्छेने दान दिले. करजिकच्या नांगऱ्यांना कोणी विचारले असेल, असे लेख सांगत नाही. आपल्या पूर्वजांचा मोठेपणा सांगताना हा प्रश्न लपवू नये. तथागतांनी कालामांना जो उपदेश केला, त्याचा अर्थ स्वतःच्या इतिहासालाही लागू करावा लागतो.

दुसरी गोष्ट संयमाची. कार्ल्याच्या चैत्यासमोरच एकवीरेचे मंदिर आहे. कोळी, आग्री आदी समाजांची ही कुलदेवता असून चैत्रात तेथे मोठी यात्रा भरते. पायऱ्या चढणारे बहुतेक लोक देवीसाठी येतात. त्यांच्याशी वाद घालून लेणे आपले होत नाही. उलट कोणी उत्सुकतेने जवळ आला, तर त्यालाही सुताराचे नाव वाचून दाखवावे. चैत्याच्या दर्शनी भागावरील बुद्धमूर्ती मूळ कोरीवकामानंतर काही शतकांनी कोरल्या गेल्या, हेही सांगावे. एकच वास्तू अनेक काळांत घडते, हे समजले म्हणजे भांडणापेक्षा अभ्यासाची वाट मोकळी होते.

काही सूचना

गट पंधरापेक्षा मोठा नसावा, कारण लेखापुढे त्याहून अधिक माणसे उभी राहू शकत नाहीत. निघण्यापूर्वी एक संध्याकाळ विहारात धम्मलिपीच्या मुळाक्षरांसाठी द्यावी. लेखांचे ठसे आणि मराठी भाषांतर यांची प्रत प्रत्येकाच्या हाती असावी. अक्षरे उठून दिसावीत म्हणून त्यांत खडू वा पीठ भरू नये, पाणी ओतू नये. दोन हजार वर्षे टिकलेला दगड आपल्या उत्साहाने झिजतो. मेणबत्त्या व उदबत्त्या कोरीवकामाजवळ लावू नयेत. गटातील वृद्धांसाठी पायऱ्यांवर विश्रांतीचा वेळ धरावा.

आणि प्रत्येक लेख एकाने मोठ्याने वाचावा. धम्म मुखोद्गत ठेवून लोकांना ऐकविणारा भाणक हा संघाचा कणा होता. सोपाऱ्याचा सातिमित भाणकच होता. ज्यांना अक्षर शिवण्याची बंदी होती, त्यांच्या मुलाबाळांनी त्याच्या खांबापाशी उभे राहून त्याचे नाव स्पष्ट उच्चारावे, यात अर्ध्या दिवसाचे सार्थक आहे. परतताना प्रत्येकाने एका दात्याचे नाव धम्मलिपीत आपल्या वहीत उतरवून आणावे आणि पुढच्या रविवारी विहारातील मुलांना ते वाचायला शिकवावे.