मुस्तफाचा खरा आवाज कुठला?

सिडकोतल्या आमच्या व्हिडिओ गेमच्या दुकानात 'कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स' हे नाव कुणी कधी घेतलं नाही. चार खेळाडूंपैकी एक मुस्तफा कैरो, म्हणून अख्खा गेमच 'मुस्तफा'. एक रुपयाचं नाणं, मागे ताटकळणारी पोरं, स्पीकर फाटका. आता तिथे मोबाइल रिपेअरिंग चालतं.

कॅपकॉमचा हा 1993 चा गेम घरच्या कन्सोलवर कधी आलाच नाही. म्हणजे मशीन भंगारात गेली की गेमही गेला. तो उरला 'मेम'मुळे (मीम नव्हे). निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रामरने फेब्रुवारी 1997 मध्ये हा एम्युलेटर आणला. 2016 पासून त्याचा कोड मुक्त आहे. गेम मात्र कॅपकॉमच्याच मालकीचा.

मेमला आपली करमणूक करायची नाहीये. जुनं हार्डवेअर जसंच्या तसं नोंदवून ठेवायचंय. म्हणून आवृत्ती जितकी नवी तितकी अचूक, आणि तितकीच जड. मुस्तफाचा मूळ प्रोसेसर 12 मेगाहर्ट्झचा, पण त्याची हुबेहूब नक्कल करताना 2012 चा 700 मेगाहर्ट्झचा रास्पबेरी पायसुद्धा धापा टाकतो. त्यामुळे किरकोळ यंत्रांवर आजही 2000 सालची 0.37 बीटा 5 ही आवृत्ती चालवतात. गेमच्या फाइलीही त्याच आवृत्तीच्या लागतात, नाहीतर काळी स्क्रीन. माझा एक अख्खा रविवार त्यात गेलाय.

जुन्या आवृत्तीत आवाज अंदाजे आहे. मुस्तफाच्या क्यूसाउंड चिपच्या आतला प्रोग्राम 2018 मध्ये वाचला गेला, तेव्हा कुठे नव्या मेममध्ये तो नेमका आला. गंमत म्हणजे या गेमचे नकली बोर्डही निघाले होते, क्यूसाउंडऐवजी स्वस्त चिप लावलेले. मेमने त्यांचीही नोंद ठेवलीय. पण त्यातल्या एका चिपला कुलूप असल्याने ती नक्कल बराच काळ मुकीच होती. अस्सल माल नीट जपला गेला, आणि गल्लीबोळात चाललेला मुका राहिला! मला हे अजून खटकतं.

दिवाळीत दादाला लॅपटॉपवर नवी आवृत्ती लावून दिली, हेडफोनसकट. दोन मिनिटं ऐकून म्हणाला, "भारी आहे रे, पण हा आपला मुस्तफा नाही."

मग बाबांचा 512 एमबी रॅमचा जुना फोन काढला. त्यावर 0.37. स्पीकर खरखरत होता. दादाने दुसरी लेव्हल संपवली, तिसरी सुरू केली.

"दे ना आता, माझा नंबर."

"थांब, अजून एक लाइफ आहे."