उघडा पडलेला खांब

इंग्लंडच्या पूर्वभागीं, हंटिंगडनशायर प्रांतांत, होम नांवाचें एक लहानसें खेडें आहे. त्याच्या शेजारीं पूर्वीं व्हिटलसी मिअर हें विस्तीर्ण सरोवर असे; मासे, रानबदकें आणि लव्हाळे यांवर कांठच्या लोकांचा चरितार्थ चाले. विल्यम वेल्स या जमीनदारानें १८५१ मध्यें तें उपसावयास घेतलें. त्याच वर्षीं लंडनच्या महाप्रदर्शनांत गाजलेला अ‍ॅपोल्डचा केंद्रोत्सारी पंप या कामीं लागला. १८५२ च्या पुरांत बांध फुटून सरोवर पुन्हां भरलें. तेंही उपसण्यांत आलें. तळावर पिकें उभीं राहिलीं. कोळ्यांचीं जाळीं मात्र निरुपयोगी झालीं. जमीनदाराच्या हिशेबवहींत त्यांची नोंद कोण करणार!

पुढें जमीनच खचूं लागली. तेथील काळी माती म्हणजे कुजलेल्या वनस्पतींचा थर. ओल गेली कीं ती आकसते, आणि हवा लागली कीं झिजते. हें ताडून जवळच एक लोखंडी खांब माथ्यापर्यंत पुरून ठेवला होता. आज तो सुमारें ४ मीटर उघडा आहे, व भोंवतालची भूमि समुद्रसपाटीहून २ मीटरांपेक्षांही खालीं गेली आहे. पाणी काढावें तों जमीन खचते, आणि जमीन खचली कीं तेंच पाणी अधिक उंच चढवावें लागतें. २००१ मध्यें आरंभिलेल्या ग्रेट फेन योजनेंत आसपासचीं कांहीं शेतें पुन्हां पाणथळ करण्यांत येत आहेत.