ना गायले, ना काही वाजवलं, तरी बँडचे मेंबर : गीतकार कीथ रीड कोण होते?

रॉक बँड म्हटलं की डोळ्यांसमोर येतात गायक, गिटारिस्ट आणि ड्रमर. पण ब्रिटनमध्ये एक बँड असा होता, ज्याचा एक अधिकृत मेंबर कधी स्टेजवर गायला नाही आणि त्याने कुठलं वाद्यही वाजवलं नाही. त्याचं काम एकच, शब्द लिहायचे. बँडचं नाव प्रोकोल हारम आणि या मेंबरचं नाव कीथ रीड.

डाखाऊमधून सुटलेल्या बापाचा मुलगा

रीड यांचा जन्म १९ ऑक्टोबर १९४६ चा, इंग्लंडमधल्या वेल्विन गार्डन सिटीचा. त्यांचे वडील व्हिएन्नात वकील होते. नोव्हेंबर १९३८ मध्ये नाझींनी ज्यूंवर हल्ले केले, त्यात हजारो ज्यूंसोबत त्यांनाही पकडून डाखाऊच्या छळछावणीत टाकलं गेलं. सुटका झाल्यावर ते इंग्लंडला पळून आले.

रीड पूर्व लंडनमध्ये वाढले. शाळा लवकर सोडली, पण पुस्तकं आणि बॉब डिलनची गाणी काही सुटली नाहीत. त्यांच्या गाण्यांत मृत्यू, समुद्र आणि उदासी पुन्हा पुन्हा येते. हा अंधार नकळत आपल्या घरच्या पार्श्वभूमीतून आला असावा, असं त्यांनीच एका मुलाखतीत सांगितलं होतं.

पार्टीत कानावर पडलेलं वाक्य

१९६६ मध्ये गाय स्टीव्हन्स या संगीत निर्मात्याने रीड यांची गाठ गायक-पियानिस्ट गॅरी ब्रुकर यांच्याशी घालून दिली. रीड आधी शब्द लिहायचे, मग ब्रुकर चाल लावायचे. यातूनच प्रोकोल हारम उभा राहिला. बँडला हे नाव मिळालं ते एका मांजरावरून!

एका पार्टीत कुणीतरी एका बाईला तिचा चेहरा पांढराफटक पडल्याचं जरा वेगळ्याच शब्दांत सांगत होतं. रीड यांनी ते ऐकलं आणि त्यातून 'अ व्हायटर शेड ऑफ पेल' हे गाणं जन्मलं. मूळ कवितेत चार कडवी होती, रेकॉर्डवर दोनच आली.

मे १९६७ मध्ये गाणं रिलीज झालं आणि ब्रिटनमध्ये सहा आठवडे पहिल्या नंबरवर राहिलं. जगभरात त्याच्या एक कोटीहून जास्त प्रती खपल्याचं सांगितलं जातं. गाण्याचा अर्थ काय, यावर आजही वाद होतात. नशेत लिहिलंय, असं अनेकांना वाटायचं. रीड यांचं म्हणणं होतं, की हे नशेतून नाही, वाचनातून आलंय.

गाणं नेमकं कुणाचं?

या गाण्याचं श्रेय फक्त ब्रुकर आणि रीड यांच्या नावावर होतं. पण लोकांच्या डोक्यात बसली होती ती बाखच्या संगीताची आठवण करून देणारी ऑर्गनची धून. ती वाजवणारे मॅथ्यू फिशर २००५ मध्ये कोर्टात गेले. २००६ मध्ये हायकोर्टाने त्यांना संगीताच्या हक्कात ४० टक्के वाटा दिला. २००८ मध्ये अपील कोर्टाने श्रेय कायम ठेवलं, पण दाव्याला फार उशीर झाला म्हणून पैसे नाकारले. शेवटी जुलै २००९ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने एकमताने फिशर यांच्या बाजूने निकाल दिला. गाण्याला तेव्हा ४२ वर्षं झाली होती.

या सगळ्यात वाद होता तो फक्त संगीताचा. शब्द रीड यांचेच, याबद्दल कुणाला शंका नव्हती.

दुसरी इनिंग

१९७७ मध्ये बँड फुटला. तोपर्यंतची त्याची जवळपास सगळी मूळ गाणी रीड यांनीच लिहिली होती. १९८६ मध्ये ते न्यूयॉर्कला गेले आणि त्यांनी संगीत व्यवस्थापनाची कंपनी काढली. त्याच वर्षी जॉन फार्नहॅम यांचं 'यू आर द व्हॉइस' आलं आणि ऑस्ट्रेलियात पहिल्या नंबरवर गेलं. ते लिहिणाऱ्या चौघांत रीड होते. सामान्य माणसाने आवाज उठवावा, असं सांगणारं हे सरळ गाणं पहिल्या कोड्यासारख्या गाण्यापेक्षा अगदी वेगळं होतं.

२३ मार्च २०२३ रोजी लंडनमध्ये कॅन्सरने रीड यांचं निधन झालं, वयाच्या ७६ व्या वर्षी. काही महिन्यांनी ऑस्ट्रेलियात मूलनिवासींना संसदेपुढे आपलं म्हणणं मांडण्यासाठी घटनात्मक व्यासपीठ द्यावं का, यावर सार्वमत झालं. 'हो' म्हणणाऱ्यांच्या प्रचारात हेच गाणं वाजलं. प्रस्ताव पडला, पण छळछावणीतून सुटलेल्या माणसाच्या मुलाने लिहिलेले शब्द हक्क मागणाऱ्यांच्या कामी आले.