पन्हळीचं पाणी कुणाच्या अंगणात?

छपरावर पडेपर्यंत पाऊस कुणाचाच नसतो. छपरावरून खाली उतरला, की तो कुणाच्या तरी जमिनीवर पडतो आणि मग भांडण सुरू होतं. म्हणून घराला लावलेली पन्हळ मला बांधकामाची वस्तू कमी आणि शेजारधर्माची जास्त वाटते. तिचा इतिहास वाचताना तर हे फारच जाणवतं.

कौटिल्याच्या अर्थशास्त्रात, म्हणजे सुमारे दोन हजार वर्षं जुन्या ग्रंथात, घराच्या पाण्याचा नियम आहे. पाण्याच्या वाटेला पुरेसा उतार हवा, शेजाऱ्याच्या भिंतीपासून तीन पद किंवा दीड अरत्नी, म्हणजे साधारण दीड हात, अंतर हवं. नियम मोडला तर दंड 54 पण. गंमत बघा, पन्हळ कशाची करावी याची चिंता नाही. चिंता आहे ती शेजाऱ्याच्या भिंतीची.

रोमन कायद्यालाही हाच प्रश्न पडला होता. आपल्या वळचणीचं पाणी शेजाऱ्याच्या जागेत पडू देण्याचा हक्क तिथे रीतसर मिळवावा लागे. इंग्लंडमधल्या केंट भागातल्या 868 सालच्या एका दस्तात घराभोवती वळचणीच्या पाण्यासाठी दोन फूट जागा सोडण्याच्या रिवाजाचा उल्लेख आहे. पुढे याच पट्ट्यात, भिंतीला कान लावून उभं राहणाऱ्यांवरून इंग्रजीत ‘ईव्ह्जड्रॉपिंग’ हा शब्द आला. आपण ज्याला चोरून ऐकणं म्हणतो, त्या शब्दाचा जन्म पागोळ्यांखाली झाला आहे!

राजांची काळजी वेगळी. 1240 साली तिसऱ्या हेन्रीने टॉवर ऑफ लंडनच्या मोठ्या बुरुजाचे शिशाचे नळ जमिनीपर्यंत खाली आणायला सांगितले. बुरुजाला नुकतीच सफेदी केली होती आणि ठिबकणाऱ्या पाण्याने ती खराब होऊ नये, एवढंच कारण. रस्त्यावरच्या माणसाचा विचार व्हायला बराच वेळ लागला. 1724 च्या कायद्याने लंडनमधल्या नव्या घरांना छपराचं पाणी नळांतून खाली उतरवणं भाग पडलं.

आता कोकणात येऊ. तिथल्या जुन्या घरांना बहुधा सलग पन्हळ नसते. पन्हळ माहीत नव्हती म्हणून नाही. पोफळीचं खोड मधोमध चिरून, पोखरून केलेल्या पन्हळींनी आगरांत पाणी खेळवलं जात असे. पण घराला लांब वळचण, खाली जांभ्याचं जोतं आणि भोवती मोकळं अंगण असलं, की पागोळ्या पुरतात.

हिशोब करून बघा. दहा मीटर लांब, दहा मीटर रुंद घर, दोन पाखी छप्पर. तासाभरात 50 मिलिमीटर पाऊस झाला तर छपरावरून 5,000 लिटर पाणी उतरतं. पन्हळ नसेल तर ते दोन्ही बाजूंच्या वीस मीटर वळचणीवर विभागलं जातं, मीटरमागे 250 लिटर. पन्हळ लावली, की तेच 5,000 लिटर एक-दोन पाइपांतून एकाच ठिकाणी कोसळतं. पन्हळ पाणी कमी करत नाही. ती पाण्याला पत्ता देते.

घरं खेटून आली, की हा पत्ता फार महत्त्वाचा होतो. रत्नागिरी जिल्ह्यातल्या आमच्या घराला गेल्या मे महिन्यात मी पीव्हीसीची पन्हळ बसवून घेतली. मिस्त्रींनी वळचणीला दोरी ताणली. तीन मीटरला साधारण एक सेंटिमीटर उतार, म्हणजे डोळ्यांना दिसतही नाही. तेवढ्यात गडग्यापलीकडून काकूंनी विचारलं, “पाणी खंय सोडतलास रे?”

प्रश्न साधा होता, पण दोरीचा उतार त्यांच्या परसाकडे होता. त्यांचं घर आमच्यापेक्षा हातभर खाली आहे आणि मागची भिंत अजून मातीची आहे. मी मिस्त्रींकडे पाहिलं. त्यांनी काही न बोलता दोरी सोडली आणि दुसऱ्या टोकाला बांधली. पाइप दोन मीटर जास्त लागला. पाणी आमच्याच माडांकडे गेलं.

कायदाही या काकूंच्याच बाजूने बोलतो. 1882 चा सुविधाधिकार कायदा 1891 मध्ये मुंबई इलाख्याला लागू झाला. शेजाऱ्याच्या जमिनीवर वळचणीचं पाणी सोडण्याचा हक्क असलेला माणूस आपली वळचण उंच करू शकतो, पुढेही काढू शकतो. पण शेजाऱ्यावरचा भार वाढता कामा नये, असं त्यात उदाहरण देऊन सांगितलं आहे. कौटिल्याचा दीड हात आणि केंटचे दोन फूट इथे पुन्हा भेटतात.

शहरात मात्र हा शेजारी दिसेनासा झाला आहे. गच्चीचं पाणी पाइपात, पाइप गटारात, आणि पुढे काय, हे विचारायला गडग्यापलीकडे कुणी नाही. वळचणीचं पाणी आढ्याला चढत नाही, तसंच चढावरच्या सोसायटीचं पाणी उताराकडेच जातं. तिथल्या चाळीत ते गुडघ्याएवढं साचतं, तेव्हा आपण त्याला नैसर्गिक आपत्ती म्हणतो. तमिळनाडूने 2003 मध्ये इमारतींना छपराचं पाणी जागेवरच जिरवणं किंवा साठवणं सक्तीचं केलं. मला तो पाणी वाचवण्याइतकाच शेजारधर्माचाही कायदा वाटतो.

या जूनमध्ये पहिला मोठा पाऊस पडेल, तेव्हा खिडकीतून त्याचा व्हिडिओ जरूर काढा. मग खाली उतरा आणि आपल्या इमारतीचा पाइप जिथे संपतो, तिथून पाण्याबरोबर शंभर पावलं चालून बघा. शेवटी कुणाचा तरी उंबरठा असेल.