चौरंग, अर्धा सांगितलेला

बलात्काराची बातमी आली की यवतमाळच्या आमच्या ग्रुपवर एक मेसेज हमखास फिरतो: ‘चौरंग करा.’ म्हणजे हातपाय तोडा. सोबत रांझ्याच्या पाटलाची गोष्ट असतेच, पण अर्धी.

ही हकीकत शिवाजी महाराजांच्या १६४६च्या पत्रात आहे. पुण्याजवळच्या रांझे गावचा पाटील बाबाजी गुजर याने बदअमल केल्याचं महाराजांच्या कानावर आलं. त्यांनी त्याला आणवलं, विचारपूस केली आणि गुन्हा खरा ठरल्यावर हातपाय तोडवले. फॉरवर्डमध्ये नसतं ते पुढचं: गुजरांपैकीच सोनजीने त्याला सांभाळायची तयारी दाखवली आणि बाबाजी त्याच्या हवाली झाला.

तेव्हा शिक्षा शरीरावरच लिहिली जायची. १८६०च्या भारतीय दंड संहितेत अशी शिक्षा नव्हती. उलट कुणाचा अवयव तोडणं हीच ‘जबर दुखापत’ ठरली. आज भारतीय न्याय संहितेच्या कलम ११६ मध्ये ती यादी आहे: डोळा, कान, अवयव, सांधा, चेहरा. सरकारी दवाखान्यातला डॉक्टर जखमेची लांबी, खोली, वय आणि संभाव्य हत्यार नोंदवतो. त्या कागदावर खटला उभा राहतो किंवा पडतो.

हात तोडण्याला अनडू नाही. म्हणून रांझ्याकडून घ्यायचंच असेल, तर कुऱ्हाड राहू द्या. आरोपी गावचा पाटील होता, तरी त्याला आणून जाब विचारला गेला. ग्रुपवर मागायचं तर ते मागू.