अजब बंगला आणि वऱ्हाडचे पुरावशेष

नागपूरच्या मध्यवर्ती संग्रहालयास लोक ‘अजब बंगला’ म्हणतात. नाव कौतुकाचे खरे, परंतु संग्रहालयाच्या कार्याविषयी गैरसमज वाढविणारे आहे. वस्तूची अपूर्वता हे तिचे मोल नव्हे; ती कोठे व कोणत्या थरात सापडली ही नोंद हेच तिचे मोल होय.

हे संग्रहालय १८६३ साली, रिचर्ड टेंपल यांच्या कारकीर्दीत स्थापन झाले. त्याच वर्षी ४ सप्टेंबरला पाद्री स्टीफन हिस्लॉप टाकळघाटची शिलावर्तुळे पाहून परतताना पुरात बुडून निवर्तले. नागपूरनजीक टाकळी येथे त्यांना गोड्या पाण्यातील गोगलगायींचे व वनस्पतींचे जीवाश्म मिळाले होते. ते काळ्या पाषाणाच्या दोन थरांमधील गाळात होते, एवढ्या नोंदीवरून लाव्हारसाच्या दोन उद्रेकांच्या दरम्यान येथे तळी साचली व त्यांत जीवसृष्टी नांदली, हे सिद्ध होते. नोंद गळाली की हाती केवळ दगड उरतात.

मानवी इतिहासासही हाच न्याय लागू पडतो. वाकाटक नृपती दुसरा प्रवरसेन याने भोजकट राज्यातील, मधुनदीच्या तीरावरील चर्मांक हे गाव १००० ब्राह्मणांस दान दिले. हा ताम्रपट अचलपूरजवळील चम्मक येथे सापडला. ताम्रपट सहज वाहून नेता येतो, तेव्हा केवळ प्राप्तिस्थळावर विसंबणे धोक्याचे. पण येथे नामसादृश्याची जोड आहे, आणि त्यावरून भोजकटाचे स्थान निश्चित होते. फ्लीट यांनी १८८८ साली व महामहोपाध्याय मिराशी यांनी १९६३ साली आपापल्या लेखसंग्रहांत हा ताम्रपट संपादिला आहे.

वऱ्हाड १८५३ च्या तहाने इंग्रजांकडे आला, तरी मध्य प्रांतास जोडला गेला तो १९०३ मध्ये. तेव्हापासून या प्रदेशातील पुरावशेषांची वाट नागपूरकडे वळली. मूर्तिजापूर तालुक्यातील राजनापूर खिनखिनी येथील जैन धातुमूर्ती नागपुरास गेल्या त्या याच ओघात. त्या सुरक्षित राहिल्या, हे मान्य केलेच पाहिजे. पण त्यांचा गावाशी असलेला संबंध आता केवळ पाटीवरील दोन शब्दांवर तगून आहे.

नांदगाव खंडेश्वरची गोष्ट निराळी. यादव राजा कृष्ण याच्या कारकीर्दीतील, तेराव्या शतकातला शिलालेख तेथील खंडेश्वराच्या देवळाशी निगडित आहे. देवाला दिलेले दान त्या देवापाशीच वाचावे, यातच त्याचा अर्थ आहे. असे लेख हलवू नयेत; त्यांचे ठसे तेवढे संग्रहालयात यावेत, असे आमचे मत आहे. मात्र जागच्या जागी राहिलेल्या लेखावर ऊनपाऊस, तेल आणि चुना यांचा मारा चालूच असतो, म्हणून ठसे घेण्यास विलंब परवडणारा नाही.